दोन चौकटींचे मोल

चित्रपट पाहून बाहेर पडणारा प्रेक्षक नटनटींची नावे घेतो, क्वचित दिग्दर्शकाचेही घेतो. संकलकाचे नाव मात्र सहसा कोणाच्या ओठी येत नाही. ज्याचे काम जितके सरस, तितके ते नजरेआड राहावे, असा हा व्यवसाय आहे. इंग्लंडच्या ॲन कोट्स यांनी त्यात सहा दशकांहून अधिक काळ घालविला.

त्यांचा जन्म १९२५ सालचा, सरे परगण्यातील रायगेटचा. ब्रिटिश चित्रव्यवसायाचे धुरीण जे. आर्थर रँक हे त्यांचे मामा. तरुणपणी ईस्ट ग्रिन्स्टेडच्या रुग्णालयात त्यांनी परिचारिकेचे काम केले. मनात इच्छा दिग्दर्शिका होण्याची. परंतु त्या काळी स्त्रीला ती वाट सुलभ नव्हती. त्या संकलनाकडे वळल्या आणि तेथेच रमल्या.

१९६२ साली डेव्हिड लीन यांचा 'लॉरेन्स ऑफ अरेबिया' आला. नायक जळती काडी फुंकतो आणि लगेच पडद्यावर वाळवंटातील सूर्योदय उमटतो. पटकथेत या ठिकाणी एक दृश्य दुसऱ्यात हळूहळू विरघळावे असे योजिले होते. परंतु कामचलाऊ प्रतीत तसा परिणाम दिसत नसे. दोन तुकडे नुसते जोडलेले असत. ती थेट जोडणीच दोघांच्या मनात भरली. लीन यांनी ती अधिक निर्दोष करण्यास सांगितले. कोट्स यांनी दोन चौकटी काढल्या, म्हणजे एका सेकंदाचा अवघा बारावा भाग! या चित्रपटासाठी त्यांना ऑस्कर पारितोषिक लाभले.

पुढे याच चित्रपटातून, लांबी कमी करण्याकरिता, मिळून सुमारे ३५ मिनिटे वगळली गेली. कात्री तीच, हेतू निराळा. एका कात्रीने अर्थ उजळला, दुसरीने तो झाकोळला. १९८९ साली चित्रपटाचा जीर्णोद्धार झाला, तेव्हा काही संवादांचा ध्वनी हरवलेला होता. तो नटांकडून पुन्हा मुद्रित करून घ्यावा लागला. त्या कार्यात लीन यांच्यासमवेत कोट्सही होत्या.

'बेकेट', 'द एलिफंट मॅन', 'आउट ऑफ साइट' असे एकमेकांपासून अगदी भिन्न चित्रपट त्यांनी संकलित केले. २०१६ साली त्यांना मानद ऑस्कर मिळाले. २०१८ मध्ये, वयाच्या ९२ व्या वर्षी त्या निवर्तल्या. काय ठेवावे हे पुष्कळांना कळते. काय आणि कशासाठी गाळावे, हे जाणणारा विरळा.