तुईया पोपट

शुकवर्गातील एक सडपातळ, लांब शेपटीचा वनवासी पक्षी. शास्त्रीय नाव सिट्टॅक्युला सायनोसेफाला. लिनीअसने १७६६ मध्ये त्याची शास्त्रीय नोंद केली. मराठवाड्यातील नांदेड-लातूरच्या मुलखात शुककुळातील खराखुरा वनवासी पाहावयाचा झाल्यास तुईयाकडेच वळले पाहिजे. हिमालयाच्या पायथ्यापासून श्रीलंकेपर्यंत त्याचा वास असून भारतीय उपखंडाबाहेर तो निसर्गतः आढळत नाही.

लांबी सुमारे ३३ सेंमी., आणि तीपैकी निम्म्याहून अधिक एकटी शेपटीच. गावोगावी दिसणाऱ्या कंठवाल्या राघूहून तो अंगाने बराच लहान असतो. नराचे डोके पिकल्या आलुबुखाऱ्यासारखे लाल असून मानेकडे त्या लालीवर निळसर-जांभळी झाक चढते. गळ्याभोवती बारीक काळे कडे, खांद्यावर तांबडा-काळसर डाग, वरची चोच पिवळी आणि निळसर शेपटीचे टोक पांढरे. मादीचे डोके मात्र करड्या-निळ्या रंगाचे असून काळ्या कड्याच्या जागी तिला फिकट पिवळे कडे असते, आणि खांद्यावरील डाग तिला नसतोच. नवख्याने ही जोडी प्रथम पाहिली तर त्या दोन निरनिराळ्या जाती आहेत असे त्यास वाटावे. पिलांचे डोके प्रथम हिरवे असते.

नांदेड जिल्ह्याच्या ईशान्येस, पैनगंगेच्या काठाने पसरलेल्या किनवट व माहूर या तालुक्यांतील सागवानी पानझडी अरण्य ही या पक्ष्यास सर्वतोपरी मानवणारी भूमी होय. निजामाच्या अमलात किनवट तालुका आदिलाबाद जिल्ह्यात मोडत असे. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत तो मराठी मुलखास मिळाला, आणि मराठवाड्यासारख्या उघड्याबोडक्या प्रदेशाच्या पदरी साग, ऐन, धावडा, मोह व पळस यांनी भरलेले एक अरण्य आयतेच पडले. लातूरची गोष्ट अगदी निराळी. १९८२ मध्ये उस्मानाबादेतून वेगळ्या झालेल्या या जिल्ह्यात वनाखालील क्षेत्र शेकडा एकाहूनही कमी असल्यामुळे तेथील ज्वारी-सूर्यफुलावर उतरणारे थवे बहुधा कंठवाल्या राघूंचेच असतात. झाडी विरळ होत गेली की तुईया मागे हटतो व कंठवाला पुढे सरकतो. रान कोठे संपले हे ठरविण्यास वनखात्याच्या नकाशाइतकाच हा दाखलाही उपयोगी पडावा, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

तुईयाचे उड्डाण अत्यंत वेगवान असते. संपूर्ण थवा झाडांच्या गर्दीतून एकाच वेळी वळणे घेत जातो आणि ‘तुई, तुई’ असा मंजुळ, प्रश्नार्थक स्वर, तोही उडता उडताच, ऐकू येतो; कंठवाल्याच्या कर्कश किंकाळीशी त्याचे काही साम्य नाही. फळे व बिया हे त्याचे मुख्य अन्न. परंतु पळस, मोह आणि सावर फुलली की तो त्यांच्या मांसल पाकळ्या व मध यांवर तुटून पडतो. पायाची दोन बोटे पुढे व दोन मागे असल्याने एका पायावर तोल सांभाळून दुसऱ्या पायाने तो खाद्य पकडू शकतो. खातो त्याहून सांडतो फार, आणि ही उधळपट्टी साऱ्या कुळाचीच. रानालगतच्या शेतात कणसे भरली की हे थवे तेथेही उतरतात. मग माळ्यावरचा राखणदार तुईया कोणता व कंठवाला कोणता याची चौकशी न करता दोघांवरही गोफण चालवितो, आणि त्याला दोष देता येत नाही.

विणीचा हंगाम साधारणतः जानेवारी ते एप्रिल. झाडाच्या नैसर्गिक ढोलीत, अथवा नर-मादीने चोचीने कोरून रुंदावलेल्या भोकात, मादी चार ते सहा पांढरी अंडी घालते. घरट्यात काडी-कचऱ्याचे अस्तर नसते. ढोलीसाठी पोकळ, जुनाट झाड हवे. आणि इमारती लाकडाच्या हिशेबात नेमके तेच झाड निरुपयोगी ठरून कुऱ्हाडीस बळी पडते. शिल्लक ढोल्यांसाठी साळुंक्या, पिंगळे व खुद्द कंठवाले राघूही हक्क सांगत येतात.

बोलण्यात तो कंठवाल्याइतका तरबेज नसूनही डोक्याच्या रंगापायी त्याची पारध होत आली आहे. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ अन्वये त्याला पकडणे, विकणे किंवा पिंजऱ्यात ठेवणे हा गुन्हा आहे. चोरटा व्यापार बहुतांशी पिलांवर चालतो. आणि ज्या लालीसाठी तो सारा खटाटोप, ती पिलांच्या डोक्यावर अद्याप चढलेली नसल्याने ढोलीतून काढलेल्यांपैकी नर कोणता, हे खुद्द पारध्यासही सांगता येत नाही.