मंडळी, कंपनी आणि संच : सत्यदेव दुबे यांचा ‘शांतता! कोर्ट चालू आहे’

१

मराठी चित्रपटाच्या इतिहासलेखनात रंगभूमी आणि चित्रपट यांचे नाते बहुधा वारशाच्या परिभाषेत मांडले जाते. नाटक मंडळ्यांमधील नट, गायक, पडदे रंगवणारे कलावंत आणि व्यवस्थापक चित्रपटाकडे वळले आणि त्यांनी या नव्या माध्यमाला आपली कथनशैली व अभिनयरीती दिली, असा या मांडणीचा आशय असतो. तो तथ्याला धरून आहे. बाबूराव पेंटर पडदे रंगवता रंगवता चित्रपटाकडे आले, व्ही. शांताराम यांनी किशोरवयात गंधर्व नाटक मंडळीत उमेदवारी केली. बालगंधर्वांनी ‘प्रभात’साठी ‘धर्मात्मा’ (१९३५) केला आणि त्या एकाच चित्रपटानंतर ते तेथून बाहेर पडले. मात्र कोण आले एवढेच सांगून ही मांडणी थांबते. येणारा कोणत्या उत्पादनव्यवस्थेतून निघाला आणि कोणत्या व्यवस्थेत दाखल झाला, हा प्रश्न तीत क्वचितच उपस्थित होतो.

वरील उदाहरणांत स्थलांतर झाले ते ‘मंडळी’कडून ‘कंपनी’कडे. दोन्ही ठिकाणी मालकी, पगार, करार आणि तिकीटबारी यांची चौकट होती. माध्यम बदलले, तरी कलावंताचे व्यवस्थेशी असलेले नाते मूलतः तसेच राहिले. या पार्श्वभूमीवर १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी केलेला ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ हा चित्रपट वेगळ्या प्रकारच्या संक्रमणाचा पुरावा ठरतो. येथे मंडळी नव्हती आणि कंपनीही नव्हती. होता तो प्रायोगिक नाटकाच्या तालमींतून तयार झालेला संच. शिवाय या संचाला चित्रपटाकडे नेणारा माणूस मराठी नाट्यपरंपरेचा जन्मजात वारस नव्हता. म्हणूनच वारशाची परिभाषा त्याला लागू करता येत नाही.

२

दुबे यांचा जन्म १९३६ साली आजच्या छत्तीसगडमधील बिलासपूर येथे झाला. मुंबईला ते क्रिकेटपटू होण्याच्या आकांक्षेने आले आणि इब्राहिम अल्काझी यांच्या ‘थिएटर युनिट’मध्ये दाखल झाले. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाची धुरा सांभाळण्यासाठी अल्काझी १९६२ साली दिल्लीला गेल्यावर या संस्थेचे नेतृत्व दुबे यांच्याकडे आले. धर्मवीर भारती यांच्या ‘अंधा युग’ या नभोनाट्याची रंगमंचीय शक्यता ओळखून त्यांनी १९६२ साली मुंबईत त्याचा प्रयोग केला. पुढे गिरीश कार्नाड, बादल सरकार, मोहन राकेश आणि विजय तेंडुलकर यांची नाटके त्यांनी हिंदी रंगमंचावर आणली.

नट, दिग्दर्शक, निर्माता, शिक्षक आणि अनुवादाचा प्रवर्तक या सर्व भूमिका ते एकाच वेळी पार पाडत होते, आणि ही सरमिसळ अपघाती नव्हती. मुंबईतील हिंदी प्रायोगिक रंगभूमीला मराठी व्यावसायिक रंगभूमीसारखा ठरलेला प्रेक्षक, दौरे आणि कंत्राटदार यांचा आधार नव्हता. परगावाहून आलेल्या माणसाला येथे तयार घर मिळणार नव्हते. प्रत्येक नाटकागणिक ते नव्याने उभारावे लागे. अमरीश पुरी यांच्यासारखे नट दिवसा सरकारी नोकरी करीत आणि संध्याकाळी तालमीला येत. कोणाचीही उपजीविका नाटकावर अवलंबून नव्हती. त्यामुळे नाटकाने कोणाला काय द्यावे, याचा निर्णय बाजाराऐवजी संच करू शकत असे. पुढे दुबे यांच्या चित्रपटाला जे स्वातंत्र्य लाभले, त्याचे मूळ या अर्थव्यवस्थेत शोधावे लागते.

चित्रपटाचे माध्यमही त्यांना १९७१ साली अचानक गवसले नव्हते. ‘अपरिचय के विंध्याचल’ (१९६५) आणि ‘टंग इन चीक’ (१९६८) हे दोन लघुपट त्यांनी त्यापूर्वीच केले होते. पूर्ण लांबीच्या चित्रपटाची वेळ आली, तेव्हा मात्र त्यांनी संहिता निवडली ती मराठी.

३

ही भाषिक निवड कोणत्या काळात झाली, हे नोंदवणे आवश्यक आहे. १९६६ साली शिवसेनेची स्थापना झाली. १९६७ साली ठाणे नगरपालिकेत या संघटनेला पहिली सत्ता मिळाली. टेंभी नाका हे तिच्या ठाण्यातील राजकारणाचे केंद्र पुढील काळात बनले. मुंबई कोणाची आणि मुंबईत मराठी कोण, हे प्रश्न त्या वर्षांत रस्त्यावर विचारले जात होते. त्याच १९६७ मध्ये ‘रंगायन’ने अरविंद देशपांडे यांच्या दिग्दर्शनाखाली तेंडुलकरांचे ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ रंगमंचावर आणले. लीला बेणारेची भूमिका सुलभा देशपांडे यांनी केली.

हे नाटक दुबे यांनी हिंदीतही केले होते. चित्रपट हिंदीत केला असता, तर त्याला अधिक विस्तृत प्रेक्षक मिळण्याची शक्यता होती. त्यांनी तो मराठीत केला, आणि मराठी प्रयोगाशी ज्यांचे नाव एकरूप झाले होते, त्या सुलभा देशपांडे यांनाच बेणारेच्या भूमिकेत ठेवले. पटकथा तेंडुलकरांची होती. अरविंद देशपांडे, एकनाथ हट्टंगडी, नारायण पै आणि अमोल पालेकर हे रंगमंचावरील कलावंत चित्रपटात होते; अमरीश पुरी एका आंधळ्या गायकाच्या छोट्या भूमिकेत दिसले. छायाचित्रण गोविंद निहलानी यांचे होते. कराचीत जन्मलेले निहलानी फाळणीने विस्थापित झालेल्या कुटुंबातून आले होते. निर्मितीसंस्थेच्या नावात सत्यदेव आणि गोविंद ही दोन नावे जोडली गेली. बिलासपूरचा हिंदीभाषक आणि कराचीचा सिंधी यांनी मिळून एका मराठी नाटकाचा मराठी चित्रपट काढावा, ही घटना तत्कालीन मुंबईच्या भाषिक वास्तवाविषयी अनेक जाहीरनाम्यांपेक्षा अधिक काही सांगते.

याच वर्षी रंगमंचावरचा आणखी एक नट स्वतंत्रपणे चित्रपटनिर्मितीत उतरला. वसंत सबनीस यांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्याने लोकप्रिय झालेले दादा कोंडके यांनी ‘सोंगाड्या’ची निर्मिती केली. दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचे आणि लेखन सबनीसांचेच होते. दादरच्या ‘कोहिनूर’ चित्रपटगृहातील त्याच्या प्रदर्शनासाठी शिवसेना मैदानात उतरली, ही घटना सर्वश्रुत आहे. कोंडके यांचे स्वातंत्र्य त्यांनी लोकनाट्यातून कमावलेल्या प्रेक्षकावर उभे होते. प्रेक्षक सिद्ध असल्याने वाद उरला तो चित्रपटगृहाचा, आणि भाषिक अस्मितेच्या राजकारणाने तो सोडवला. दुबे यांचे स्वातंत्र्य सहकाऱ्यांच्या संचावर उभे होते. संच चित्रपट निर्माण करू शकत होता. चित्रपटगृह मिळवून देणे त्याच्या आवाक्यात नव्हते. दोन्ही चित्रपटांच्या पुढील वाटचालीतील तफावत अभिरुचीच्या उच्च-नीचतेने स्पष्ट होत नाही. निर्मितीचे स्वातंत्र्य आणि वितरणाचे स्वातंत्र्य या दोन भिन्न गोष्टी असतात, आणि १९७१ साली त्या दोन भिन्न माणसांच्या वाट्याला आल्या, असे म्हणणे अधिक सयुक्तिक होईल.

४

‘शांतता!’ हे चित्रित केलेले नाटक आहे, असा आक्षेप सहज घेता येतो. एक सभागृह, मोजकी पात्रे, संवादांचे प्राबल्य ही त्याची लक्षणे त्या आक्षेपाला पुष्टी देतात. परंतु या आक्षेपात नाट्यमयता हा चित्रपटाचा दोष आहे, असे गृहीत धरलेले असते. तेंडुलकरांच्या संहितेबाबत हे गृहीतक तपासून घ्यावे लागते, कारण नाटक करणे हाच त्या संहितेचा विषय आहे. मुंबईहून एका गावात प्रयोगासाठी आलेली हौशी मंडळी वेळ घालवण्यासाठी अभिरूप न्यायालयाचा डाव मांडतात. लीला बेणारे या शिक्षिकेवर भ्रूणहत्येचा खोटा आरोप ठेवतात. आणि खेळता खेळता तिच्या वास्तव जीवनाचाच निवाडा सुरू होतो. ज्याच्यामुळे हे सारे घडले तो प्राध्यापक दामले अनुपस्थित असतो. त्याची खुर्ची रिकामी राहते आणि शिक्षा तिला होते.

मराठीत नाटकाचा ‘प्रयोग’ होतो आणि चित्रपटाचा ‘खेळ’ होतो. या नाटकात मात्र प्रयोगाच्या नावाखाली खेळ चालतो आणि खेळाच्या नावाखाली छळ. रंगमंचावर प्रेक्षक या मंडळींना सतत एकत्र पाहतो. बेणारे बोलत असताना इतरांचे हसू, कुजबूज आणि संकोच त्याच्या दृष्टीआड होत नाहीत. त्यामुळे आपणही या न्यायालयातील श्रोत्यांपैकी आहोत, ही जाणीव त्याला टाळता येत नाही. कॅमेरा ही निवड प्रेक्षकाच्या हातून काढून घेतो. चेहरा जवळून दाखवला, की समूह चौकटीबाहेर जातो. समूह दाखवला, की चेहरा लहान होतो. अभिरूप न्यायालयाच्या या कथेत प्रत्येक चौकट हाच एक निवाडा ठरतो. प्रेक्षकाच्या सहभागाचे ओझे येथे दिग्दर्शकाच्या नजरेवर येऊन पडते. नाटकाचे चित्रपटात होणारे खरे रूपांतर या स्थानबदलात आहे. बाह्यचित्रण किती केले, यावर ते ठरत नाही.

आणखी एक बाब महत्त्वाची आहे. ज्या हौशी नाट्यसंचाची क्रूरता हा या कथेचा विषय, तशाच प्रकारच्या संचाने हा चित्रपट केला. सामूहिक निर्मितीचे स्वातंत्र्य उपभोगणाऱ्या कलावंतांनी समूहाच्या हिंसेचे चित्र उभे करावे, हा अंतर्विरोध या चित्रपटाला एका नोंदीपलीकडे नेतो. बेणारेला घेरणारी माणसे खलनायक नाहीत. ती तालमीला येणारी, नोकरी करणारी, सुसंस्कृत म्हणवणारी मध्यमवर्गीय माणसे आहेत. या जगाचा अनुभव दुबे यांनी त्यात वावरून घेतला होता, परंतु त्याचे सभासदत्व त्यांना जन्माने मिळालेले नव्हते. आत असूनही पुरते आतले नसणे ही दृष्टी या संहितेला अनुकूल ठरली.

५

या चित्रपटानंतर काय झाले, हा प्रश्न मराठी चित्रपटाच्या दृष्टीने अधिक अस्वस्थ करणारा आहे. दुबे यांचे चित्रपटाशी नाते पुढे प्रामुख्याने लेखकाचे राहिले. श्याम बेनेगल यांच्या ‘अंकुर’ (१९७४), ‘निशांत’ (१९७५) आणि ‘जुनून’ (१९७८) या चित्रपटांचे संवाद त्यांनी लिहिले. हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनावर आधारलेल्या ‘भूमिका’ (१९७७) या चित्रपटाच्या पटकथेत बेनेगल व कार्नाड यांच्यासह त्यांचा वाटा होता आणि या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार लाभला. निहलानी यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘आक्रोश’ (१९८०) मध्ये तेंडुलकरांची पटकथा, दुबे यांचे संवाद आणि अमरीश पुरी यांचा अभिनय पुन्हा एकत्र आला. अर्थात १९७१ चा संच विखुरला नाही. त्याने भाषा बदलली. मराठी अभिनेत्रीचे जीवन आणि मराठी लेखकाची पटकथा यांना समांतर चित्रपटाचे आर्थिक बळ मिळाले ते हिंदीत.

मराठीतही काही धागे पुढे गेले. जब्बार पटेल यांचा ‘सामना’ तेंडुलकरांच्याच पटकथेवर उभा राहिला. दुबे यांच्या चित्रपटातून पडद्यावर आलेले पालेकर १९८१ साली ‘आक्रीत’द्वारे स्वतः दिग्दर्शक झाले, पटकथा पुन्हा तेंडुलकरांची होती. डॉ. श्रीराम लागू यांनी ‘झाकोळ’ (१९८०) केला. प्रायोगिक रंगभूमीवरून स्वतंत्र चित्रपटाकडे जाणारी वाट अशा रीतीने अस्तित्वात राहिली. पण प्रत्येकाला ती पहिल्यापासून चालावी लागली. संचाचे रूपांतर संस्थेत झाले नाही. नाटकाच्या क्षेत्रात ‘आविष्कार’ आणि छबिलदास शाळेचे सभागृह यांनी जे साधले, त्याला समतुल्य असे काही मराठी चित्रपटाच्या क्षेत्रात त्या दशकात निर्माण होऊ शकले नाही.

दुबे यांचे २५ डिसेंबर २०११ रोजी निधन झाले. त्याच वर्षी त्यांना पद्मभूषण जाहीर झाले होते. त्यांची ओळख नाट्यदिग्दर्शक आणि नटांचे गुरू म्हणूनच रूढ आहे आणि ती यथार्थ आहे. तथापि मराठी स्वतंत्र चित्रपटाचा इतिहास लिहिताना ‘शांतता!’ला एका नाट्यकर्मीचे अपवादात्मक धाडस मानून तळटीपेत ढकलणे योग्य ठरणार नाही. भाषा ही जन्माने मिळालेली मालमत्ता आहे, असे मानणाऱ्या काळात, ती एकत्र काम करण्याने मिळवता येते, हे या चित्रपटाने दाखवून दिले. मराठी चित्रपट कोणाचा, या प्रश्नाचे उत्तर शोधताना त्याच्या निर्मात्यांच्या जन्मस्थळांपेक्षा त्यांच्या तालमीच्या जागांचा शोध घेणे इतिहासकाराला अधिक फलदायी ठरेल.