‘सिया’ आणि ‘णियमा’ : एका सुटलेल्या शब्दाचा इतिहास

जैन दर्शनाचा ज्यांना फारसा परिचय नाही, त्यांनाही ‘स्याद्वाद’ हा शब्द बहुधा ठाऊक असतो. दुर्दैवाने त्याबरोबरच ‘स्यात् म्हणजे कदाचित’ हा गैरसमजही ठाऊक असतो. वस्तू असेलही, नसेलही, निश्चित काही सांगता येत नाही, असे म्हणणारे हे संशयाचे तत्त्वज्ञान आहे, अशी समजूत जुन्या खंडनग्रंथांपासून अलीकडच्या पाठ्यपुस्तकांपर्यंत वारंवार आढळते. या आक्षेपाला जैन नैयायिकांनी ग्रंथांतून उत्तरे दिलीच आहेत. परंतु विसाव्या शतकात त्याचे एक उत्तर वादविवादातून नव्हे, तर एका प्राचीन ग्रंथाच्या संपादनातून मिळाले. ते कार्य विदर्भात झाले, आणि त्याचा धागा अमरावती, कारंजा व नागपूर या तीन गावांतून गेलेला आहे.

तो ग्रंथ म्हणजे षट्खंडागम. परंपरेनुसार गिरनारच्या चंद्रगुंफेत राहणाऱ्या आचार्य धरसेनांनी आपल्याजवळचे श्रुत लुप्त होऊ नये म्हणून दोन मुनींना ते शिकविले. पुष्पदंत आणि भूतबली या त्या दोघांनी ते सूत्रबद्ध केले. त्यावर आचार्य वीरसेनांनी ‘धवला’ ही ७२,००० श्लोकप्रमाण टीका लिहिली. डॉ. हीरालाल जैन यांच्या निर्णयाप्रमाणे ती शके ७३८, म्हणजे इ. स. ८१६ मध्ये पूर्ण झाली. पुढे कित्येक शतके हा ग्रंथ कर्नाटकातील मूडबिद्री येथे हळेकन्नड लिपीतील ताडपत्रांवर सुरक्षित राहिला. यात्रेकरू त्याचे दर्शन घेत, परंतु अध्ययन जवळजवळ थांबले होते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तेथे त्याच्या नकला करण्याचे काम सुरू झाले. त्यातील एक प्रत आडवाटेने सहारनपूरला पोहोचली आणि तिच्यावरून झालेल्या नागरी नकला आरा, कारंजा, अमरावती अशा ठिकाणी गेल्या.

या नकलांच्या आधारे धवलेचे संपादन हाती घेणारे डॉ. हीरालाल जैन (१८९९–१९७३) हे १९२५ पासून अमरावतीच्या किंग एडवर्ड कॉलेजात संस्कृतचे प्राध्यापक होते. १९२३ मध्ये स्थापन झालेल्या नागपूर विद्यापीठाच्या कक्षेतील हे महाविद्यालय होते. कारंजाच्या भांडारांतील हस्तलिखितांचा अभ्यास करून त्यांनी अनेक अपभ्रंश ग्रंथ आधीच प्रकाशात आणले होते. भेलसा येथील श्रीमंत सेठ लक्ष्मीचंद्रजी यांच्या दानातून अमरावतीस साहित्योद्धारक निधी उभा राहिला आणि १९३९ मध्ये धवलेचा पहिला भाग प्रसिद्ध झाला. पं. फूलचंद्र सिद्धांतशास्त्री, पं. हीरालाल सिद्धांतशास्त्री, पं. बालचंद्र शास्त्री आदी विद्वानांचे साहाय्य आणि डॉ. आदिनाथ नेमिनाथ उपाध्ये यांचा सहयोग या कार्यास लाभला. डॉ. हीरालाल पुढे नागपूरच्या मॉरिस कॉलेजात आले, हेच महाविद्यालय नंतर नागपूर महाविद्यालय या नावाने ओळखले गेले. संपादनाचे काम नागपुरातही अखंड चालू राहिले. सुमारे वीस वर्षांत १६ भाग पूर्ण झाले.

पहिल्या भागात ‘सत्प्ररूपणा’ हे प्रकरण असून त्यात पुष्पदंत आचार्यांची १७७ सूत्रे आहेत. कोणत्या गतीत, कोणत्या अवस्थेत, कोणती गुणस्थाने असतात याचा विचार त्यात येतो. तेथील ‘पर्याप्त’ आणि ‘अपर्याप्त’ या संज्ञा ध्यानात घेतल्या पाहिजेत. जन्म घेणारा जीव आहार, शरीर, इंद्रिये, श्वासोच्छ्वास, भाषा आणि मन यांच्या शक्ती क्रमाने पूर्ण करतो. त्या पूर्ण झाल्यावर तो पर्याप्त, तोपर्यंत अपर्याप्त. ९२ व्या सूत्रात मनुष्यिणींविषयी म्हटले आहे की, मिथ्यादृष्टी आणि सासादन या पहिल्या दोन गुणस्थानांत त्या ‘सिया’ पर्याप्त असतात, ‘सिया’ अपर्याप्त असतात. ९३ व्या सूत्रात पुढील गुणस्थानांविषयी सांगितले आहे की, तेथे त्या ‘णियमा’ पर्याप्तच असतात.

‘सिया’ म्हणजे संस्कृतातील ‘स्यात्’, आणि ‘णियमा’ म्हणजे ‘नियमात्’, नियमाने. या दोन शब्दांत संभव आणि अवश्यंभाव यांचा भेद किती काटेकोरपणे सांभाळला आहे, हे पाहण्यासारखे आहे. सूत्रकारांना पहिल्या दोन गुणस्थानांविषयी काही ठाऊक नाही, म्हणून त्यांनी ‘सिया’ म्हटले, असे मुळीच नाही. तेथे दोन्ही अवस्था आढळतात, हे निश्चित ज्ञानच त्या शब्दाने सांगितले आहे. याउलट तिसऱ्या गुणस्थानात अपर्याप्त अवस्था संभवतच नाही. चौथ्या गुणस्थानातील सम्यग्दृष्टी जीव स्त्रीपर्यायात जन्म घेत नाही, असा सिद्धांत आहे. संयमाची पायरी तर पर्याप्त झाल्यावाचून येतच नाही. म्हणून तेथे ‘णियमा’. एकही अपवाद नसेल तेव्हा ‘णियमा’, आणि दोन्ही पक्ष प्रत्यक्ष घडत असतील तेव्हा ‘सिया’. यात संशयाला कोठेही जागा नाही.

मराठी भाषेतही अशा पायऱ्या आहेत. ‘तो घरी असेल’ हा अंदाज. ‘तो घरी असावा’ हे काही खुणांवरून केलेले अनुमान. ‘तो घरी असलाच पाहिजे’ हा दुसरी वाट न उरल्यावर काढलेला निष्कर्ष. आणि ‘तो घरी आहे’ हे पाहून सांगितलेले सत्य. बोलताना या पायऱ्या आपण सहज सांभाळतो, परंतु वादाच्या भरात त्याच सर्वप्रथम मोडतात. ९३ व्या सूत्राच्या बाबतीत हाच प्रसंग ओढवला.

संपादकांसमोरच्या प्रतींमध्ये या सूत्रात सम्यग्मिथ्यादृष्टी, असंयत सम्यग्दृष्टी आणि संयतासंयत अशा तीनच गुणस्थानांचा उल्लेख होता. त्यापुढचा ‘संजद’, म्हणजे ‘संयत’, हा शब्द तेथे नव्हता. शब्द एकच, पण त्यावर फार मोठा प्रश्न अवलंबून होता. मनुष्यिणींना संयत गुणस्थाने सांगितली, तर स्त्रीमुक्तीच्या प्रश्नाशी त्याचा संबंध येतो, आणि दिगंबर व श्वेतांबर आम्नायांतील मतभेदाचा तो एक प्रमुख विषय आहे.

तथापि वीरसेनांची टीका वाचताना संपादकांच्या ध्यानात एक गोष्ट आली. याच सूत्रावर वीरसेन एक शंका उपस्थित करतात, की या आर्षवचनावरून द्रव्यस्त्रियांनाही निर्वाण सिद्ध होईल काय? ती शंका ते फेटाळतात. वस्त्रसहित अवस्थेत संयम संभवत नाही, आणि मनुष्यिणींना चौदा गुणस्थाने सांगितली आहेत ती भावस्त्रीच्या अपेक्षेने, असे त्यांचे समाधान आहे. आता सूत्रात ‘संजद’ शब्दच नसता, तर ही शंका निघाली असती काय? पाचव्या गुणस्थानापर्यंतच मर्यादा घातलेल्या सूत्रावरून निर्वाणाची शंका कोणी घेणार नाही. याखेरीज त्याच खंडात पुढे मनुष्यिणींची संख्या सांगताना अयोगकेवलीपर्यंतची गुणस्थाने गृहीत धरली आहेत. तेव्हा शब्द मुळात असलाच पाहिजे.

जैन न्यायशास्त्रात या विचारपद्धतीला ‘अन्यथानुपपत्ती’ असे नाव आहे. एक गोष्ट मानल्यावाचून दुसरीची उपपत्तीच लागत नाही, तेव्हा पहिली मान्य करणे अवश्य ठरते. पात्रस्वामींनी बौद्धांच्या त्रिलक्षण हेतूचे खंडन करून हेच हेतूचे एकमेव लक्षण म्हणून प्रतिपादिले आणि अकलंकदेवांनी त्यावर प्रमाणशास्त्राची मांडणी केली. धुरावरून अग्नीचे अनुमान होते, ते अग्नीवाचून धुराची उपपत्ती लागत नाही म्हणून. येथे वीरसेनांची शंका हा धूर होता आणि हरवलेला शब्द हा अग्नी.

असे असूनही संपादकांनी तो शब्द मूळ सूत्रात घातला नाही. ‘संजद’ हा पाठ येथे सुटलेला दिसतो, एवढेच त्यांनी तळटीपेत नोंदविले. प्रतींत जे होते ते सूत्राच्या जागी राहिले, आणि तर्काने जे अवश्य वाटले ते तर्काच्या जागी. अनुमान कितीही बळकट असले, तरी ‘असलाच पाहिजे’ आणि ‘आहे’ यांमधील अंतर मूळ प्रत पाहिल्यावाचून पुसता येत नाही, याचे भान त्या एका तळटीपेत आहे.

पुढे या तळटीपेवरून मोठा वाद झाला. तिन्ही प्रतींत शब्द नाही, तर तो मुळातच नव्हता, असे एका पक्षाचे म्हणणे होते. परंतु या साऱ्या प्रती एकाच नकलेच्या परंपरेतल्या होत्या. एकाच मुखातून ऐकलेली वार्ता तिघांनी सांगितली, म्हणून तीन साक्षी होत नाहीत. १९४४ च्या सुमारास डॉ. हीरालाल यांनी दोन्ही संप्रदायांतील मूलभूत भेदांविषयी स्वतःचे विचार मांडले, तेव्हा वाद अधिकच तापला. संपादकाचे मत निराळे आणि ग्रंथाचा पाठ निराळा, हा विवेक दोन्ही बाजूंनी नेहमीच राखला गेला, असे म्हणता येत नाही. आचार्य शांतिसागर महाराजांच्या प्रेरणेने हे सिद्धांतग्रंथ ताम्रपटांवर कोरण्याचे कार्य सुरू झाले, तेव्हा हा शब्द कोरावा की न कोरावा, हा प्रश्न साऱ्या समाजापुढे उभा राहिला.

दरम्यान मूडबिद्रीच्या धर्माधिकाऱ्यांचे सहकार्य मिळून ताडपत्रांवरून पाठ पडताळून पाहण्याची सोय झाली. तेथे ९३ व्या सूत्रात ‘संजद’ हा शब्द होता. नकलाकाराच्या हातून तो सुटला होता. अनुमानाने अवश्य ठरविलेली गोष्ट प्रत्यक्षाने सत्य ठरली.

यावरून काय सिद्ध झाले आणि काय नाही, हेही सांगितले पाहिजे. शब्द सूत्रात आहे, एवढे सिद्ध झाले. त्याचा अर्थ द्रव्यस्त्री की भावस्त्री, हा प्रश्न त्यामुळे सुटला नाही. वीरसेनांचे समाधान दिगंबर परंपरेत मान्य आहे, आणि श्वेतांबर परंपरेची भूमिका तिच्या आगमांवर उभी आहे. पाठाचा निर्णय वेगळा, अर्थाचा वेगळा. कोणत्या अपेक्षेने काय सिद्ध झाले, हे सांगितल्यावाचून ‘सिद्ध झाले’ असे म्हणू नये, हाच तर स्याद्वाद आहे.

हा धागा दोन्ही परंपरांत समान आहे. भगवतीसूत्रात जीव शाश्वत की अशाश्वत, या प्रश्नाला भगवान महावीर उत्तर देतात की, जीव द्रव्याच्या दृष्टीने शाश्वत आणि भावाच्या दृष्टीने अशाश्वत आहे. तेथेही शब्द ‘सिय’ हाच आहे. पुढे समंतभद्रांच्या आप्तमीमांसेपासून या विचाराला शास्त्रशुद्ध रूप आले. आचार्यांनी स्पष्ट केले की, हा ‘स्यात्’ क्रियापद नव्हे, ‘एका विशिष्ट अपेक्षेने’ या अर्थाचे ते अव्यय आहे. शिवाय सप्तभंगीच्या वाक्यात त्यांनी ‘एव’ हा निश्चयवाचक शब्दही ठेवला. घट स्वतःच्या द्रव्य, क्षेत्र, काल, भावाच्या अपेक्षेने आहेच, आणि पराच्या अपेक्षेने नाहीच. अपेक्षा सांगून झाल्यावर त्या मर्यादेत विधान निश्चयाचे असते. हेमचंद्राचार्यांनी (१०८९–११७२) विधानाचे तीन प्रकार वेगळे केले. ‘आहेच’ असे अपेक्षेवाचून म्हणणे हा दुर्नय, नुसते ‘आहे’ म्हणणे हा नय, आणि ‘अमुक अपेक्षेने आहे’ असे म्हणणे हे प्रमाण. त्यांच्या याच द्वात्रिंशिकेवर मल्लिषेणांनी शके १२१४ मध्ये ‘स्याद्वादमंजरी’ लिहिली.

हेमचंद्रांच्याच प्राकृत व्याकरणात निश्चयार्थी अव्ययांमध्ये ‘चेअ’, ‘चिअ’, ‘च्च’ यांची नोंद आहे. आपल्या मराठीतील ‘च’चे मूळ व्युत्पत्तिकार याच अव्ययांत पाहतात. ‘आहेच’ म्हणताना प्रत्येक मराठी माणूस नकळत जैन नैयायिकांच्या ‘एव’ला उजाळा देत असतो. तो ‘च’ कोणत्या अपेक्षेने उच्चारला, एवढेच सांगायचे बाकी राहते.

आधुनिक काळात पाश्चात्त्य तर्कशास्त्रानेही अवश्यता आणि संभव यांची चिन्हे व नियम तयार केले. सॉल क्रिप्की यांनी १९५९ ते १९६३ च्या लेखनात दिलेल्या मांडणीप्रमाणे, विचारात घेतलेल्या सर्व शक्य स्थितींत सत्य ते अवश्य, आणि निदान एकीत सत्य ते संभाव्य. संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबीस यांनी १९५४ मध्ये, तर जे. बी. एस. हॉल्डेन यांनी १९५७ मध्ये सप्तभंगीवर लिहिले आणि जगातील विद्वानांचे लक्ष तिच्याकडे वेधले. आपल्या पूर्वाचार्यांना आजचे सारे शास्त्र ठाऊक होते, असा दावा त्यावरून करणे उचित नाही, कारण ‘स्यात्’ म्हणजे संख्येत मोजलेली संभाव्यता नव्हे. परंतु ‘सर्वत्र’ आणि ‘क्वचित्’ यांचा जो भेद या मांडणीत पायाभूत आहे, तो ‘णियमा’ आणि ‘सिया’ या जोडीत स्पष्ट दिसतो, एवढे म्हणण्यास हरकत नाही.

सत्प्ररूपणेच्या नंतरच्या आवृत्तीत ‘संजद’ शब्द त्याच्या मूळ स्थानी छापला गेला. आज तो वाचणाऱ्याला तेथे कधी काही उणे होते, याची कल्पनाही येत नाही. परंतु १९३९ च्या पहिल्या आवृत्तीतील ती लहानशी तळटीप विस्मृतीत जाऊ नये. ग्रंथभांडारे जपणाऱ्या, स्वाध्याय चालविणाऱ्या प्रत्येक संस्थेसाठी तिच्यात एक धडा आहे. पाहिले नाही त्याला ‘आहे’ म्हणू नये, तर्काने अवश्य ठरले ते सांगण्यास कचरू नये, आणि मूळ प्रत समोर आल्यावर ती मान्य करण्यात संकोच मानू नये.