साहेबाचा कुत्रा आणि पारध्याचा तितर

काटेवाडीकडच्या माळावर तितर बोलला की आम्हांला दोन शिकारी आठवतात. गोऱ्या साहेबाचा पॉइंटर कुत्रा वास लागताच एक पाय उचलून थबके. ती त्याची जातच. पण बार होईपर्यंत हलू नये, हे महिनोन्‌महिने शिकवावे लागे. फासेपारधी तितरच पाळी. पिंजऱ्यातल्या त्या पाखराची साद ऐकून रानचा नर भांडायला येई नि फासात सापडे. विद्या दोघांचीही, पण साहेबाची ती हौस, आणि पारधी मात्र गुन्हेगार जमाती कायद्याखाली जन्मतःच गुन्हेगार! सोलापुरात अशा जमातींना तारेच्या कुंपणात ठेवून गिरणीकामाला धाडीत. कामगार चळवळीत उमर काढलेल्या आम्हांला हे फार उशिरा कळले. तो कायदा १९५२ साली गेला. १९७२च्या वन्यजीव कायद्याने फासही गेला. पाखरू वाचावे, हे आम्हांस मान्यच. पारध्याच्या हाताला दुसरे काम द्यायचे तेवढे राहून गेले.