मरणाची चिन्हे आणि आपला स्तूप

विहाराच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत मरणावर लेख कशाला, असे काही जण म्हणतील. आनंदाच्या दिवशी अभद्र बोलू नये, असे आपल्या आया सांगायच्या. पण उपासक-उपासिकांनो, पुष्कळ विहारांत तथागतांच्या मूर्तीजवळ लहानसा स्तूप असतो. आपण त्याला फुले वाहतो, मेणबत्ती लावतो. तो स्तूप म्हणजे मरणाचेच चिन्ह आहे. मग आपल्याला त्याची भीती का वाटत नाही? या प्रश्नाचे उत्तर इतिहासात शोधावे, म्हणून आम्ही हा लेख लिहायला घेतला.

माणसाने मरणाला निरनिराळी रूपे दिली. प्राचीन मिसर देशात मेलेल्या माणसाच्या कबरीत चित्रे असलेल्या गुंडाळ्या ठेवीत. त्यांत एक तराजू असे. एका पारड्यात मृताचे काळीज आणि दुसऱ्यात सत्याचे पीस. काळीज जड भरले की एक राक्षसीण ते गिळणार! युरोपात 1347 नंतर प्लेगची मोठी साथ आली आणि कोट्यवधी माणसे मेली. त्यानंतरच्या शतकात तिकडे भिंतींवर सांगाड्यांच्या नाचाची चित्रे निघाली. राजा, धर्मगुरू, सावकार, शेतकरी, सगळ्यांचे हात धरून सांगाडा नाचतो आहे. जिवंतपणी जी समता मिळाली नाही ती चित्रकाराने मरणात दाखवली. आपल्या देशात रेड्यावर बसलेला, हातात फास घेतलेला यम आला. ही सगळी चिन्हे भीतीची. भीतीच्या चिन्हाजवळ भीती घालवून देणारा मध्यस्थ लागतोच, आणि त्याला दक्षिणा लागते.

आता आपल्या महाराष्ट्रातली गावे पाहा. गावाबाहेर, देवळापाशी वीरगळ उभे असतात. खालच्या थरात लढाई आणि पडलेला वीर, वरच्या थरात त्याला नेणाऱ्या अप्सरा, त्याच्याही वर पिंडीची पूजा. शेजारी कधी सतीशिळा असते. तिच्यावर कोपरात वाकलेला बाईचा हात आणि त्या हातात बांगड्या. बांगड्या फुटल्या नाहीत, म्हणजे नवऱ्याबरोबर बाई जळाली. दगड गौरवाचा आहे खरा, पण त्यातली बाई काय म्हणत असेल, याचा विचार करावा.

आणि आमचे पूर्वज? मेलेले जनावर ओढणे, मौतीचा सांगावा परगावी पोचवणे, चितेला लाकडे नेणे ही कामे गावगाड्याने महारांच्या माथी मारली होती. दुसऱ्याचे मरण वाहता वाहता पिढ्या गेल्या, पण स्वतःच्या मरणाला नावाचा दगड क्वचितच मिळाला. म्हणून कोरेगावचा स्तंभ आपल्याला मोलाचा. 1 जानेवारी 1818 च्या लढाईत पडलेल्या शिपायांची नावे त्यावर कोरली आहेत, आणि त्यांत शेवटी 'नाक' असलेली नावे पुष्कळ आहेत. बाबासाहेब 1 जानेवारी 1927 रोजी तेथे गेले. त्याच वर्षी मार्चमध्ये महाडला त्यांनी मेलेल्या जनावराचे मांस सोडा, असे सांगितले. मेलेल्यांची नावे अभिमानाने वाचा आणि मेलेले ओढणे सोडा, असा या दोन गोष्टींचा अर्थ आम्ही लावतो.

आता स्तूपाकडे येऊ. तथागतांचे महापरिनिर्वाण कुशीनारा येथे दोन शालवृक्षांच्या मध्ये झाले. आनंद दाराला टेकून रडत होता. तथागतांनी त्याला जवळ बोलावले आणि समजावले की, जे जन्मले ते मोडणारच. पुढे अस्थींसाठी सात ठिकाणचे दावेदार आले आणि कुशीनाराचे मल्ल अस्थी देईनात. लढाईची वेळ आली. तेव्हा द्रोण नावाच्या ब्राह्मणाने आठ सारखे वाटे करून भांडण मिटवले. त्या वाट्यांवर आठ स्तूप झाले. अस्थींच्या घड्यावर नववा आणि चितेच्या राखेवर दहावा. सांचीच्या तोरणावर या प्रसंगाचे शिल्प आजही पाहायला मिळते.

सांचीच्या जुन्या शिल्पांत बुद्धांची मानवी आकृती नाही, हे लक्षात घ्या. संबोधी दाखवायची तर बोधिवृक्ष, पहिले प्रवचन दाखवायचे तर चक्र, आणि महापरिनिर्वाण दाखवायचे तर स्तूप. सांगाडा नाही, राक्षस नाही, तराजू नाही. एक शांत घुमट आणि त्याला प्रदक्षिणा घालणारी साधी माणसे.

हा मान फक्त तथागतांनाच होता असे नाही. लोणावळ्याजवळ भाजे लेण्यांत 14 लहान स्तूपांचा समूह आहे. त्यांतल्या काहींवर तेथील थेरांची नावे कोरलेली आहेत. मुंबईत कान्हेरीलाही भिक्खूंच्या स्मरणार्थ बांधलेल्या विटांच्या स्तूपांचे अवशेष आहेत. मुलांना सहलीला नेता तेव्हा ते जरूर दाखवा.

अजिंठ्याच्या 26 क्रमांकाच्या लेण्यात डाव्या भिंतीवर सुमारे 7 मीटर लांबीची महापरिनिर्वाणाची मूर्ती आहे. उजव्या कुशीवर तथागत पहुडले आहेत. खाली माना घातलेले शोकाकुल अनुयायी, पण तथागतांचा चेहरा झोपलेल्या माणसासारखा निवांत. हे लेणे भिक्खू बुद्धभद्र याने अश्मक राजाचा मंत्री भव्विराज याच्या स्मरणार्थ कोरवले. तो त्याचा मित्र होता. डोंगरात केलेले स्मारक चंद्र-सूर्य असेपर्यंत टिकते, अशा अर्थाचे तेथल्या शिलालेखात लिहिले आहे. मित्र गेला, तर भिक्खूने पिंड ठेवला नाही. हजारो माणसांनी बसावे असे लेणे केले.

वाङ्मयातही हेच. श्रावस्तीच्या किसा गोतमीचे मूल मेले. ती ते कडेवर घेऊन औषध मागत फिरली. तथागत म्हणाले, ज्या घरात कोणी मेले नाही त्या घरातून मूठभर मोहरी आण. मोहरी घरोघरी होती, पण तसे घर एकही सापडेना. दारोदार फिरता फिरता तिला कळले की दुःख आपल्या एकटीचे नाही. यात चमत्कार नाही. मेलेले मूल उठले नाही, बाई मात्र उठली आणि पुढे थेरी झाली.

हे सगळे आम्ही वाचले केव्हा, तर फार उशिरा. आमचे वडील वारले तेव्हा गावाहून भावकी आली आणि दहाव्याला भाताचा गोळा ठेवला. 22 प्रतिज्ञांतली सहावी प्रतिज्ञा श्राद्ध आणि पिंडदान न करण्याची. ती वडिलांना तोंडपाठ होती. दोन तास कावळा शिवेना. बाया कुजबुजू लागल्या की म्हाताऱ्याची काहीतरी इच्छा राहिली, बायकोनेच काही कमी केले असेल. आई आधीच खचलेली, ती आणखी रडू लागली. शेवटी कुणीतरी दर्भाचा कावळा करून शिववला. नंतर तिच्या बांगड्या फोडल्या. सभांतून भाषणे करणारे आम्ही खाली मान घालून उभे होतो. कावळा नव्हे, आम्हीच तिला दुखावले, ही खंत अजून जात नाही.

आई गेली तेव्हा आम्ही ते होऊ दिले नाही. भंतेजींना बोलावून परित्राणपाठ केला, पुण्यानुमोदनाच्या दिवशी तिच्या कष्टाची हकीकत नातीने वाचून दाखवली, वस्तीतल्या मुलांना वह्या वाटल्या. थोडे लोक नाराज झाले. आकाश काही कोसळले नाही. 2022 साली कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड गावाने ग्रामसभेत विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. एक गाव करू शकते, मग 22 प्रतिज्ञा घेतलेल्या आपल्या वस्तीने मागे का राहावे?

6 डिसेंबर 1956 रोजी बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. 7 तारखेला दादरच्या चौपाटीवर अंत्यसंस्कार झाले आणि पुढे त्या जागी चैत्यभूमीचा स्तूप उभा राहिला. दर वर्षी लाखो माणसे तेथे येतात आणि जाताना पिशवीत पुस्तके घेऊन जातात. स्तूपाची भीती का वाटत नाही, याचे उत्तर त्या पिशवीत आहे. आपल्या घरात मरण येईल तेव्हा कावळ्याकडे पाहायचे की त्या पिशवीकडे, हे आधीच ठरवून ठेवा. ऐन वेळी भावकी दारात असते आणि आपली जीभ उचलत नाही, हा आमचा अनुभव आहे.

नमो बुद्धाय! जय भीम!