२ जानेवारी आणि डेक्कन एज्युकेशन सोसायटी

पुण्याच्या डेक्कन एज्युकेशन सोसायटीची स्थापना २४ ऑक्टोबर १८८४ रोजी झाली. पण संस्थेचा इतिहास चाळताना बोट पुनःपुन्हा अडते ते २ जानेवारी या तारखेवर. त्यात दैवी योगायोग काही नाही. नव्या इंग्रजी वर्षाच्या आरंभी काम सुरू करण्याची ती सोय होती. पुढे मात्र काळानेही या तारखेत आपली भर घातली.

१८७९ मध्ये ‘निबंधमाला’कार विष्णुशास्त्री चिपळूणकर यांनी सरकारी शाळेतील नोकरी सोडली. बाळ गंगाधर टिळक आणि गोपाळ गणेश आगरकर या डेक्कन कॉलेजातील मित्रांनीही सरकारी चाकरी न करता शिक्षणकार्याला वाहून घेण्याचे ठरवले होते. शुक्रवार, २ जानेवारी १८८० रोजी बुधवार पेठेतील मोरोबादादांच्या वाड्यात न्यू इंग्लिश स्कूल उघडले. आगरकर एम. ए.च्या अभ्यासात असल्याने ते पुढे रुजू झाले. आरंभीचा भार चिपळूणकर, टिळक आणि महादेव बल्लाळ नामजोशी यांनी उचलला. लवकरच संस्कृत पंडित वामन शिवराम आपटे येऊन मिळाले.

बरोबर वर्षाने, २ जानेवारी १८८१ रोजी, याच मंडळींचे ‘मराठा’ हे इंग्रजी साप्ताहिक निघाले आणि दोन दिवसांनी ‘केसरी’. छापखान्याचे सामान वाड्यात आणताना शिक्षकांनीच खांद्यावरून ओझी वाहिली, ही आठवण टिळक पुढे अभिमानाने सांगत.

१८८२ हे वर्ष मात्र कसोटीचे ठरले. मार्चमध्ये चिपळूणकर अवघ्या एकतिसाव्या वर्षी निवर्तले. कोल्हापूर संस्थानचे कारभारी बर्वे यांच्या बदनामीच्या खटल्यात टिळक-आगरकरांना चार महिन्यांची कैद झाली. सूट मिळून १०१ दिवस त्यांनी डोंगरीच्या तुरुंगात काढले. तरी शाळेचे वर्ग बंद पडले नाहीत. त्याच वर्षी शिक्षण आयोगाचे अध्यक्ष हंटर शाळा पाहून गेले आणि त्यांनी तिची मनापासून वाखाणणी केली.

तिसरी २ जानेवारी १८८५ ची, पुन्हा शुक्रवारचीच. एल्फिन्स्टन कॉलेजचे प्राचार्य वर्ड्‌स्वर्थ, त्याच नावाच्या इंग्रज कवीचे नातू, यांच्या हस्ते फर्ग्युसन कॉलेजचे उद्घाटन झाले. गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी १,२०० रुपये देणगी दिली होती; राष्ट्रीय बाण्याच्या महाविद्यालयाला राज्यकर्त्याचे नाव मिळाले ते असे. काहींना हे खटकेल, पण मान्यता आणि निधी मिळवायचा तर दुसरा मार्ग फारसा नव्हता. निधीसाठी वणवण करणाऱ्यांत नामजोशी अग्रभागी होते. गाजलेल्या नावांच्या गर्दीत त्यांचे नाव उगाच मागे पडले.

वर्ग शनिवार पेठेत गद्रे वाड्यात भरू लागले. वीस वर्षे सेवा करण्याची शपथ घेणारे आजीव सदस्य हा संस्थेचा कणा होता. गोपाळ कृष्ण गोखले यांनी ७५ रुपये दरमहा वेतनावर आपली मुदत पुरी केली. मात्र सदस्यांनी बाहेरची कमाई आणि बाहेरची कामे करावीत की नाही, यावरून मतभेद विकोपाला गेले आणि १८९० मध्ये टिळक राजीनामा देऊन बाहेर पडले. त्यांच्या जागी गणित शिकवायला धोंडो केशव कर्वे आले. पहिले प्राचार्य आपटे १८९२ मध्ये वारले. त्यांच्यानंतरचे प्राचार्य आगरकर १८९५ मध्ये, चाळिशीही न गाठता. त्याच वर्षी महाविद्यालय गावाबाहेर, आजच्या जागेत गेले.

१९०२ मध्ये केंब्रिजचे सीनियर रँग्लर आणि फर्ग्युसनचेच माजी विद्यार्थी र. पु. परांजपे प्राचार्य झाले. त्यांच्याच कारकिर्दीत, १९०५ मध्ये, विदेशी कापडाच्या होळीबद्दल विनायक दामोदर सावरकरांना दहा रुपये दंड करून वसतिगृहातून काढण्यात आले. त्या निर्णयाची बाजू मांडणे आज अवघड आहे. सरकारी अनुदान आणि स्वाभिमान यांच्या ओढाताणीत संस्था कधी कुठे झुकली, त्याचा हा पुरावाच.

विस्तार मात्र थांबला नाही. सांगलीचे विलिंग्डन महाविद्यालय १९१९ मध्ये आणि बृहन्महाराष्ट्र वाणिज्य महाविद्यालय १९४३ मध्ये सुरू झाले.

त्यानंतरच्या दोन नोंदी संस्थेच्या दफ्तराबाहेरच्या, तरी तिच्याशी जोडलेल्या. फर्ग्युसनचे १८९८ चे पदवीधर महर्षी विठ्ठल रामजी शिंदे यांनी अस्पृश्यतानिवारणाचे काम उभे केले. त्यांचे निधन झाले २ जानेवारी १९४४ रोजी. दहा वर्षांनी, २ जानेवारी १९५४ रोजी, ‘भारतरत्न’ हा सन्मान निर्माण झाला आणि १९५८ मध्ये, वयाची शंभरी गाठलेल्या महर्षी कर्व्यांना तो मिळाला. विधवांच्या शिक्षणाचे त्यांचे काम उभे राहिले ते फर्ग्युसनमधली प्राध्यापकी सांभाळूनच.

आज शाळा आणि महाविद्यालयांच्या जोडीला २०२३ पासून संस्थेचे स्वतःचे विद्यापीठही आहे. फर्ग्युसन स्वायत्त झाले आहे आणि न्यू इंग्लिश स्कूल रमणबागेत भरते.