गुळवेलीचं सत्त्व, सन 1624

तुम्ही खडकीत पोचता तेव्हा भडकल दरवाजा उभा राहून जेमतेम बारा वर्षं झालीत. गावाला औरंगाबाद म्हणायला अजून बराच काळ आहे. निजामशाहीचा वजीर मलिक अंबर याची फौज भातवडीची लढाई जिंकून आलीय, पण पावसाचिखलात लढलेली कित्येक माणसं तापाने फणफणलीत.

एक म्हातारी तुम्हाला कडुनिंबाखाली घेऊन जाते. "निंबावरचीच घ्यावी, लेकरा. तिचा गुण वेगळा." ती अंगठ्याएवढं जाड कांड विळ्याने कापते. वर राहिलेली वेल आता वाळणार, असं वाटून तुम्ही हळहळता. ती हसते. जुन्या वेलीची दोऱ्यासारखी बारीक मुळं हवेत लोंबत, मातीकडे निघालेली दाखवते. जमिनीपासून तोडली तरी गुळवेल वरूनच मुळं सोडते आणि पुन्हा माती गाठते.

साल खरवडायचं काम तुमच्याकडे येतं. पापुद्रे निघतात, खालून हिरवा रंग दिसतो. बोट चाटून बघता आणि तोंड कडूजहर होतं. कांडं पाट्यावर ठेचून पाण्यात भिजत घालायची, रात्रभर. पाणी नहरीचं, अंबरने उत्तरेच्या डोंगरातलं पाणी जमिनीखालून गावात आणलंय.

सकाळी चोथा कुस्करून, पिळून फेकता. पाणी फडक्यातून गाळून घंगाळात निवळत ठेवायचं, अजिबात हलवायचं नाही. तासांमागून तास जातात. वरचं पाणी अलगद ओतलं की तळाशी पांढुरका साका. त्यात पुन्हा पाणी, पुन्हा निवळणं. प्रत्येक धुण्यात कडूपणा ओसरतो. टोपलीभर कांडांचं हाती येतं चिमूट-चिमूट द्यायचं मूठभर सत्त्व. म्हातारी ते मधातून चाटवते.

आता थेट 2020 मध्ये या. करोनाच्या धास्तीने घरोघरी गुळवेलीचा काढा उकळतोय, कुणाला मात्रा विचारायची उसंत नाही. पुढच्या वर्षी मुंबईच्या डॉक्टरांनी गुळवेल घेतलेल्या, यकृताला इजा झालेल्या सहा रुग्णांची नोंद छापली. आयुष मंत्रालयाने ते मान्य केलं नाही. दुसरीच, तिच्यासारखी दिसणारी वेल पोटात गेली असावी, असं म्हटलं. वाद राहू दे. मला खरी खंत आहे ती घाईची. इतकी गुणी वेल आपण कुणालाही, कितीही पाजली.

आज याच शहरातल्या गुलमंडीच्या बाजारात कांडं घ्यायला निघालात, तर एक आडवं कापून बघा: आत गाडीच्या चाकासारखे आरे दिसायला हवेत. सालीवर ठळक गाठी आणि दुधाळ चीक असेल, तर ती वेल घेऊ नका. यकृताचं दुखणं असेल किंवा मधुमेहाच्या गोळ्या चालू असतील, तर आधी डॉक्टरांना विचारा.